पापडखारातला दुधी

आई पहिल्यांदा कॅनडात आली तेव्हा माझ्या सिंकखाली मिठात घातलेली एक कोंबडी होती. हे तिला आधी सांगायला हवं होतं, मान्य. पण जी बाई मिरजेहून निघताना स्वतःचं पोळपाट-लाटणं बॅगेत घालते, कारण परक्या पोळपाटावर कुणी काय लाटलं असेल सांगता येत नाही, तिला ही बातमी फोनवर कशी द्यायची ते मला सुचलं नाही. आल्याच्या तिसऱ्या दिवशी ती भांड्यांचा साबण शोधायला खाली वाकली.

"हे काय मुरत घातलंयस?" तिने विचारलं. आवाजात चक्क कौतुक होतं.

"कोंबडी आहे."

ती दोन पावलं मागे सरली. "कोण जेवायला येणार आहे?"

"कुणी नाही. खायची नाहीच आहे, आई. तिची ममी करायचीय."

तिने पदर नाकाला लावला. मग तिने एकच प्रश्न विचारला. "मेली कधी?"

मी इजिप्तॉलॉजिस्ट आहे. पुण्यात पुरातत्त्व शिकले, टोरांटोला येऊन पीएच.डी. केली, तीही कुठल्या राजाराणीवर नाही, तर मडक्यांच्या काठांवर. काही हिवाळे नाईलच्या काठच्या वाळवंटात छत्रीखाली बसून खापरांची चित्रं काढली. उरलेली सगळी वर्षं टोरांटोतल्या एका संग्रहालयात, दरवर्षी नव्या करारावर, शाळेच्या मुलांना मृत्यूबद्दल हसतखेळत सांगण्यात गेली. हे काम मला मनापासून आवडतं. फक्त आठ वर्षं झाली तरी मला तिथे लॉकर मिळालं नव्हतं, कोट मी खडू-कागदाच्या कपाटात टांगायचे.

मराठी माणसांत गेलं की या नोकरीचे आणखी हाल. कोजागिरीला मसाला दूध हातात पडायच्या आत कुणीतरी विचारणार, की ईशान्येला पिरॅमिड ठेवला तर वास्तुदोष जातो का. मला माहीत नाही म्हटलं की समोरच्याच्या तोंडावर स्पष्ट दिसायचं, मग हिला येतं तरी काय.

आईचं मत त्याहून पक्कं होतं. "तेराव्यानंतर मेलेल्याच्या इतकं मागे लागू नये," ती म्हणायची. कुणी विचारलं, मुलगी काय करते, तर तिचं उत्तर ठरलेलं, "कॅनडात सरकारी नोकरीत आहे." बाबा गेले तेव्हा भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला तिने हेच सांगितलं. मी शेजारच्या खोलीत बसून बारा दिवस ते ऐकलं आणि मला फार लागलं. बाबांचं दुःख होतंच, त्यात हे. एकदा, फक्त एकदा, कुणाच्या तरी समोर तिने माझं काम जे आहे ते म्हणून सांगावं, एवढीच माझी इच्छा होती. चाळिशीला टेकलेल्या बाईने असला हट्ट धरू नये, पण मी धरला होता. सहा महिन्यांच्या व्हिसावर तिला बोलावून घेतलं ते याचसाठी.

दुसऱ्याच आठवड्यात तिला संग्रहालयात नेलं. काचेच्या पेटीत आमचा एक देवळातला कारकून झोपलेला आहे, तीन हजार वर्षांचा. आईने बूट काढले, हात जोडले आणि विचारलं, "याच्या घरचं कुणी नाही?" मी नाही म्हटलं. मग ती मला पहिल्यांदाच रागावल्यासारखी म्हणाली, "आणि तू रोज याच्याजवळ उभी राहून तशीच घरी येतेस?"

घरी पोचल्यावर नियम लागू झाला. तिने आधी हिशोब मांडून पाहिला. मृत्यूची बातमी वर्ष उलटून गेल्यावर कळली तर सुतक नाही, नुसत्या आंघोळीवर भागतं. इथे वर्ष नक्कीच उलटलेलं होतं. म्हणून सुतक माफ, पण आंघोळ रोज. नॉर्थ यॉर्कातल्या चौदाव्या मजल्यावर, बाहेर उणे पंधरा असताना, मी सहा महिने रोज संध्याकाळी डोक्यावरून आंघोळ केली आणि मगच मला चहा मिळाला. शनिवार-रविवार सुट्टी असायची, कारण त्या दिवशी कारकुनाची आणि माझी गाठ पडत नसे.

कोंबडीचं सांगायचं राहिलं. संग्रहालयाने मला नवा शालेय कार्यक्रम बसवायला सांगितला होता. मुलांसमोर एक छोटी ममी उलगडून दाखवायची आणि प्रत्येक थराची गोष्ट सांगायची. त्यासाठी कोंबडी मिठात आणि सोड्यात वाळवणं ही आमच्या धंद्यातली जुनीच रीत. पण संग्रहालयाच्या इमारतीत कच्चं मांस आणायला सक्त बंदी, कारण त्याला किडे लागले तर ते खऱ्या ममींपर्यंत पोचतील. म्हणून कोंबडी माझ्या घरी. आई आल्यावर कोंबडी बाल्कनीत गेली. तिथे थंडीत ती वाळायची थांबली आणि दगडासारखी गोठली. मग मध्येच दोन दिवस उबदार आले आणि जे व्हायचं ते झालं. नाकाला फडकं बांधून मी ती कचऱ्याच्या खोलीत नेऊन टाकली. परत आले तर आई दारातच उभी.

"बाहेर ठेवून वाळतं होय? इथलं ऊन खोटं आहे," ती म्हणाली. "काय लावतात ते दाखव मला."

मी तिला समजावलं. इजिप्तमध्ये एक दरी आहे, तिथली तळी आटली की काठावर पांढरा क्षार उरतो. त्यात प्रेत चाळीस दिवस पुरून ठेवायचं, तो सगळं पाणी ओढून घेतो. आपण इथे मीठ आणि सोडा एकत्र करून वेळ मारून नेतो. आईने माझ्या डब्यातलं मिश्रण चिमटीत धरून चोळलं, हुंगलं.

"पापडखार घाल," ती म्हणाली. "नुसत्या सोड्याला जोर नाही."

रसायनाच्या बाजूने पाहिलं तर बाई अजिबात चुकत नव्हती. मी इतकी वर्षं त्या क्षारावर व्याख्यानं देत होते आणि पापडखार मला एकदाही आठवला नव्हता.

"म्हणजे तुझ्या पुस्तकातलं हे सगळं मी दर उन्हाळ्यात गच्चीवर करते," आई म्हणाली. "मग शिकायला एवढ्या लांब कशाला आलीस?"

घरात मांस पुन्हा येणार नव्हतं, हे तिने न बोलता ठरवून टाकलं होतं. ममी दुधी भोपळ्याची होणार होती. आमच्या बिल्डिंगमध्ये खालच्या मजल्यावर एक काका राहायचे, नागपूरचे, रिटायर्ड इंजिनियर, इथे येऊन आयुष्य गेलेलं. ते आम्हाला गाडीतून एटोबिकोच्या इंडियन ग्रोसरीत घेऊन गेले.

"वहिनी, तुम्ही लकी आहात," वाटेत ते आईला म्हणाले. "आम्ही लँड झालो तेव्हा इथे कोथिंबीर मिळत नव्हती. आता बघा, दुधी, तोंडली, एव्हरीथिंग. बाय द वे, मुलगी नेमकं काय करते? म्हणजे एक्झॅक्टली?"

मी मागच्या सीटवरून पुढे सरकले.

"सरकारी आहे," आई म्हणाली. "आणि ते दुकान उजवीकडे राहिलं ना?"

दुकानात तिने सगळे दुधी खाली उतरवले. आयुष्यभर नख लावून कोवळा दुधी निवडणारी बाई आज नख लागणार नाही असा जून शोधत होती. मग तिने पापडखाराच्या सगळ्या पुड्या काउंटरवर ओतल्या. दुकानदार गुजराती होता. त्याने हसून विचारलं, "आंटी, इतना पापडखार? घर में शादी है क्या?"

"नहीं," आई म्हणाली, "दूधी को लगाने का है." त्याने पुड्या मोजायला घेतल्या.

घरी आल्यावर मी इजिप्तच्या पद्धतीने डाव्या कुशीला चीर दिली आणि आतला गर बाहेर काढला. खरं तर आतले अवयव चार बरण्यांत जपून ठेवायचे असतात. बिया आम्ही चार लोणच्याच्या बरण्यांत भरल्या, पण गर बघितल्यावर आईच्याने राहवेना. एवढा गर टाकायचा? तिने त्याची थालीपिठं लावली. मी म्हटलं, आई, हे अवयव आहेत. ती म्हणाली, "पापडखार लागल्यावर ते त्यांचं. तोवर आपलं." लोण्याबरोबर ती थालीपिठं उत्तम लागली.

मग पुढचे चाळीस दिवस तो दुधी एका प्लास्टिकच्या टबात, हीटरजवळ, पापडखारात पडून होता. आई दर चार दिवसांनी ओला झालेला थर काढून नवा भरायची. मला हात लावू द्यायची नाही. "तुझा हात ओला असतो," म्हणायची. याच हातांनी खापरं रेखाटून मी पीएच.डी. घेतली आहे हे तिला सांगण्यात अर्थ नव्हता. जानेवारी संपताना टबातून जे बाहेर आलं ते तपकिरी, सुरकुतलेलं, हाताला चामड्यासारखं लागणारं आणि इतकं खरं होतं, की मी ते खिडकीशी नेऊन पुन्हा पाहिलं. इतकी चांगली ममी मी कधीच केली नव्हती.

आता पट्ट्या. मी बाजारातून पांढरं कापड आणणार होते. बोलता बोलता आईला सांगितलं, की इजिप्तमधली माणसं यासाठी नवं कापड आणत नसत, घरातली वापरलेली चादर, जुने कपडे, तेच फाडून गुंडाळायचे. आई उठली आणि बॅगेतून एक गाठोडं घेऊन आली. पितळी डबे आपटू नयेत म्हणून ते तिने बाबांच्या जुन्या धोतरांत बांधून आणले होते.

"वापरातलं पाहिजे ना?" ती म्हणाली. "मग हे घे."

तिने काठाला दात लावला आणि धोतर टर्र फाडलं. एक पट्टी, दुसरी, तिसरी. चौथ्या पट्टीच्या टोकाला धोब्याची काळी खूण निघाली, दोन रेघा आणि एक ठिपका. बाबांच्या सगळ्या कपड्यांना ती असायची. मला रडू आलं. आई म्हणाली, "रडू नकोस, ओलं चालत नाही त्याला," आणि पट्टी माझ्या हातात दिली. आम्ही दोघींनी मिळून गुंडाळलं. ती घट्ट ओढत होती आणि मी सैल सोडतेय म्हणून बोलत होती.

ममी संग्रहालयात न्यायची म्हणजे रजिस्ट्रारबाईंकडून जावं लागतं. आत येणाऱ्या प्रत्येक वस्तूची नोंद त्या ठेवतात आणि नियमापुढे त्यांना फॅरो आणि फुलकोबी सारखेच. "ही वस्तू खेळणं आहे, फॉर्म लागणार नाही ना?" मी विचारलं. त्यांनी फॉर्म पुढे केला. प्रकार: फळभाजी. मूळ ठिकाण: एटोबिको. लिंग: त्यांनी बराच विचार करून 'अनिश्चित' लिहिलं. मृत्यूचं कारण हा रकाना होता, तो मी मोकळा सोडला, तर त्यांनी तिथे बोट ठेवलं. मी 'सुरी' असं लिहिलं.

मग त्यांनी भिंगातून पट्ट्या तपासल्या आणि विचारलं, "इथे काहीतरी लिहिलेलं आहे. तुम्ही वाचलंत?"

मी तिथे पाहिलं. बाबांची खूण सगळ्यात वरच्या थरावर आली होती. मी सांगितलं, की ही धोब्याची खूण आहे, कपड्याच्या मालकाची. खऱ्या ममींच्या कापडावरही अशा खुणा सापडतात. बाई फार खूष झाल्या. "मालक कोण?" मी म्हटलं, माझे वडील. त्यांनी तेही लिहून घेतलं, खुणेचा फोटो काढला आणि वस्तूला नंबर दिला. मिरजेच्या साखर कारखान्यात तीस वर्षं चाळण्या सांभाळलेला माझा बाप अशा रीतीने टोरांटोच्या संग्रहालयाच्या नोंदवहीत गेला. शिवाय कीड मारायला दुधीला दोन आठवडे फ्रीझरमध्ये ठेवावं लागणार होतं. तिथे त्याला स्वतंत्र कप्पा मिळाला, वर त्याच्या नंबराची पाटी. मी माझा कोट काढून खडूच्या कपाटात टांगला.

मार्चमध्ये कार्यक्रम झाला. समोर चौथीची तीस मुलं, बाजूला माझी साहेबीण आणि रजिस्ट्रारबाई. मागच्या बाकावर साडीवर जॅकेट आणि पायात स्नो-बूट घातलेली आई. परत जायला तीन आठवडे उरले होते, म्हणून मी तिला ओढूनच आणलं होतं. मी हातमोजे चढवले, पहिली पट्टी सोडवली आणि सुरुवात केली. मुलं पुढे सरकून बसली. दुसरा थर निघाला आणि खोलीत वास सुटला.

हिंगाचा. नंतर मोहरीचा. आणि शेवटच्या थराखाली दुधी पिवळाधमक निघाला.

मी आईकडे पाहिलं. ती छताकडे पाहत होती. गुंडाळण्याआधी, मी ऑफिसात असताना, तिने दुधीच्या पोटात हळद, हिंग आणि मोहरीची पूड भरली होती, ती चिरेतून गळून अंगभर पसरली होती. बुरशी येऊ नये म्हणून.

"दिस इज एक्स्ट्रॉर्डिनरी," रजिस्ट्रारबाई पुढे येत म्हणाल्या. त्यांना वाटलं, मी इजिप्शियन पिवळा रंग वापरला आहे. तो विषारी असतो. त्यांनी मुलांना मागे सरकवलं आणि हातमोजे घालून माझ्या साहेबिणीला दाराकडे नेलं. मी ओरडून सांगितलं, "टर्मरिक! जस्ट टर्मरिक!" तेवढ्यात पहिल्या रांगेतली एक मुलगी उभी राहिली. "मिस," ती म्हणाली, "इट स्मेल्स लाइक माय ग्रॅंडमाज हाउस." मागून दुसरा म्हणाला, "माइन टू!" तिसऱ्याने विचारलं, ही ममी खाता येते का.

शेवटी मी सगळं खरं सांगून टाकलं. क्षार पापडाचा आहे, कापड वडिलांचं आहे आणि ममी करणारी मागच्या बाकावर बसली आहे. मुलांनी वळून टाळ्या वाजवल्या. आईला उठून नमस्कार करावा लागला. साहेबिणीने कार्यक्रम पास केला आणि माझा करार आणखी एक वर्ष वाढला. लॉकरचं पुन्हा काही निघालं नाही.

सबवेतून घरी येताना मी वाट पाहत होते. अर्धा रस्ता आई स्टेशनांच्या पाट्या वाचत होती. मग म्हणाली, "तुझ्या बाजूची पट्टी सैल बसली होती." घरी आल्यावर म्हणाली, "आंघोळ."

एप्रिलमध्ये काकाच आम्हाला विमानतळावर सोडायला आले. "सो वहिनी," ते बॅग उतरवताना म्हणाले, "मुलीचं काम पाहिलंत की नाही? हाउ वॉज इट?"

"पाहिलं," आई म्हणाली. "सरकारी आहे. बरं आहे."

मी तिला नमस्कार केला, मिठी मारली, आत जाईपर्यंत हात हलवला. परत येताना काकांच्या गाडीत मी मागच्याच सीटवर बसले. मला राग आला होता. सहा महिने आंघोळी करून, बाबांचं धोतर फाडून, शेवटी सरकारीच. आता हा हट्ट सोडायचा, असं मी हायवेवर ठरवलं आणि खरंच सोडला.

आई स्वतः कधी परदेशी फोन लावत नसे. ती मिस्ड कॉल द्यायची आणि मग मी कॉलिंग कार्ड खरवडून तिला फोन करायचे. जूनमध्ये एका सकाळी मी कामावर पोचत होते, तेवढ्यात माझा मोबाईल वाजला आणि वाजतच राहिला. मी घाबरून उचलला.

"काय झालं आई?"

"काही नाही. मेंदू नाकातून काढायचे ना ते?"

"कोण?"

"तुझे लोक. कुठल्या नाकपुडीतून काढायचे?"

मी दारातच थांबले. मागे खूप बायकांचा आवाज येत होता, कुणाच्या तरी हातात टाळ होते.

"आई, कोण विचारतंय हे?"

"भजनातल्या बायका. इथे बसल्यात सगळ्या. त्यांना मी इथे केलेला दुधी दाखवला. चाळीस दिवस झाले आजच." तिचा आवाज जरा खाली आला. "मी म्हटलं, माझी मुलगी इजिप्तच्या ममींची तज्ज्ञ आहे कॅनडात, तिला विचारून सांगते. आता लवकर सांग, बिल चढतंय."

"डावी," मी म्हटलं. "बहुतेक वेळा डावी."

"डावी!" आईने तिकडे ओरडून सांगितलं. टाळ खाली ठेवल्याचा आवाज आला. कुणीतरी म्हणालं, मी म्हटलंच होतं.

"बरं," मी म्हटलं, "मग मी ठेवू?"

"ठेवू नकोस. अजून अकरा जणींचे प्रश्न आहेत."

मी भिजलेला रेनकोट न काढता जिन्याच्या पायरीवर बसले आणि म्हटलं, विचारा.